उर्सुला फ्रँकलिन : प्रयोगशाळा, घर आणि शांतता



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आपण ही व्याख्यानमाला चालविता, त्यांनी या शाळेत पदार्थविज्ञान आणि रसायनशास्त्र शिकविले. मराठीच्या सेवानिवृत्त प्राध्यापकाला पाचारण केले म्हणजे तो ज्ञानेश्वरीवर, फार तर मर्ढेकरांवर बोलणार, असे आपण गृहीत धरले असल्यास त्यात आपली चूक नाही. तथापि गुरुजींच्या विषयाशी थोडेफार नाते सांगणारे काही बोलावे, असे माझ्या मनाने घेतले. म्हणून आज मी एका धातुशास्त्रज्ञ स्त्रीविषयी बोलणार आहे. डॉ. उर्सुला फ्रँकलिन हे त्यांचे नाव. जर्मनीत जन्मलेल्या, कॅनडात निर्वासितासारख्या आलेल्या आणि तेथेच रुजलेल्या या बाईंची व्याख्याने पुस्तकरूपाने माझ्या हाती आली ती याच शाळेच्या, आता टोराँटोला असणाऱ्या एका माजी विद्यार्थ्यामुळे.

धातूंतले मला फारसे कळत नाही, हे आधीच सांगून टाकतो. परंतु फ्रँकलिनबाईंची विचार करण्याची रीत भाषेच्या अभ्यासकाला परकी वाटत नाही. शब्दाचा अर्थ कोशात काय दिला आहे यावर आम्ही थांबत नाही. तो वाक्यात कसा वागतो, कोण कोणाशी बोलताना वापरतो, हे पाहतो. फ्रँकलिनबाई वस्तूंच्या बाबतीत हेच करीत. समोर आलेली वस्तू काय आहे, हा त्यांचा पहिला प्रश्न. ती कशी घडविली गेली, कोणी घडविली, कोणाच्या हुकुमावरून घडविली, हे पुढचे आणि अधिक महत्त्वाचे प्रश्न. चीनमधील तीन हजार वर्षांपूर्वीचे कांस्यपात्र असो, लहान मुलाचा पडलेला दात असो, सरकारी अंदाजपत्रक असो की स्वतःचे निवृत्तिवेतन असो, प्रश्न तेच राहिले. त्यांचा शांततावाद या प्रश्नांतूनच वाढला, असे मला वाटते.

त्यांचा जन्म १६ सप्टेंबर १९२१ रोजी म्यूनिक येथे झाला. माहेरचे नाव उर्सुला मार्टिउस. वडील जुन्या जर्मन प्रॉटेस्टंट घराण्यातले, मानववंशशास्त्राचे अभ्यासक. आई ज्यू, कलेच्या इतिहासाची जाणकार. हिटलर सत्तेवर आला तेव्हा मुलगी अकरा वर्षांची होती. पुढील काही वर्षांत आईचे ज्यू असणे हा त्या घरावरचा गुन्हा ठरला. मुलीला शिक्षणासाठी इंग्लंडला पाठवावे, असा प्रयत्न आईवडिलांनी केला. परंतु वयाची अठरा वर्षे पूर्ण नसल्याने तिला प्रवेशपत्र मिळू शकले नाही. बर्लिनच्या विद्यापीठात ती रसायन आणि पदार्थविज्ञान शिकू लागली आणि नाझींनी तिला तेथून काढून टाकले.

विज्ञानाच्या निवडीमागचे जे कारण त्यांनी पुढे सांगितले, ते मला फार बोलके वाटते. शाळेत इतिहास शिकविला जाई तो सत्तेला हवा तसा कापून. भाषा, साहित्य, भूगोल, सगळ्यांवर तोच हात फिरलेला. अशा वेळी पदार्थविज्ञानाचे नियम आणि गणिताची सिद्धता यांवर कोणाचाही हुकूम चालत नाही, या जाणिवेत त्या मुलीला एक प्रकारचा बंडखोर आनंद मिळत असे. विज्ञान हे सत्तेच्या सेवेत जाणारे शास्त्र, अशी आपली एक समजूत असते आणि तिला आधारही पुष्कळ आहेत. येथे मात्र एका धास्तावलेल्या मुलीला विज्ञान म्हणजे सत्तेचा हात न पोहोचणारी जागा वाटली.

युद्धाच्या अखेरच्या काळात सुमारे दीड वर्ष त्यांना सक्तमजुरीच्या छावणीत काढावे लागले. बाँबहल्ल्यांत पडझड झालेल्या इमारतींची डागडुजी करणे, हे काम. आईवडील छळछावण्यांत होते. त्या काळच्या अशा बहुतेक कहाण्यांचा शेवट आपल्याला ठाऊक आहे. या घराच्या बाबतीत तो तसा झाला नाही. युद्धानंतर तिघेही जिवंत होती आणि बर्लिनमध्ये पुन्हा एकत्र आली. कुटुंब हा शब्द फ्रँकलिनबाईंच्या पुढील लेखनात इतक्या वेळा आणि इतक्या व्यवहारी अर्थाने का येतो, याचे उत्तर शोधायला फार लांब जावे लागत नाही.

१९४८ साली बर्लिनच्या तांत्रिक विद्यापीठातून त्यांनी प्रायोगिक पदार्थविज्ञानात डॉक्टरेट मिळविली. लष्करशाहीला आणि दडपशाहीला विरोध करणाऱ्या माणसाला या देशात जागा नाही, अशी त्यांची खात्री होत गेली आणि एका संशोधनवृत्तीच्या आधारावर १९४९ साली त्या टोराँटो विद्यापीठात आल्या. मग परतल्या नाहीत.

येथे एक आक्षेप आपल्या मनात उभा राहिला असेल. तो माझ्याही मनात उभा राहिला. छळछावण्यांचे दरवाजे अखेर उघडले ते मित्रराष्ट्रांच्या सैन्यांनी. प्रार्थनेने ते उघडले नाहीत. मग त्या दारांतून जिवंत बाहेर आलेल्यांच्या मुलीने शांततावादी कसे व्हावे? फ्रँकलिनबाईंचा रोख असा दिसतो की युद्धाने प्रश्न सुटत नाहीत, युद्ध करणाऱ्यांचेही सुटत नाहीत. आणि शस्त्रावाचून उपायच उरला नाही असा क्षण येतो, तेव्हा तो क्षण आधीची कित्येक वर्षे लोकांनी आज्ञा पाळून, मान खाली घालून, आपापले काम चोख करून घडवून आणलेला असतो. या युक्तिवादाने माझे पूर्ण समाधान होत नाही. १९४३ साली छावणीत असलेल्या माणसाला त्याचा काय उपयोग, हा प्रश्न उरतोच. पण आधीच्या वर्षांकडे बोट दाखविण्यात जे बळ आहे ते नाकारता येणार नाही. त्यांचे पुढचे सगळे काम त्या आधीच्या वर्षांविषयी आहे.

कॅनडात त्यांचा विवाह १९५२ साली फ्रेड फ्रँकलिन यांच्याशी झाला. तेही जर्मनीत जन्मलेले, ज्यू वंशाचे, पेशाने अभियंता. त्यांचे शालेय शिक्षण इंग्लंडमधील क्वेकर पंथीयांच्या वसतिशाळेत झाले होते. त्याच वर्षी बाई ऑंटारिओ रिसर्च फाउंडेशन या संस्थेत संशोधक म्हणून रुजू झाल्या आणि १९६७ पर्यंत तेथे होत्या. एक मुलगा, एक मुलगी. या जोडप्याला आपल्या घरासाठी एखादे आध्यात्मिक आसन हवे होते. १९६४ साली दोघे क्वेकर झाले. क्वेकरांविषयी दोन शब्द सांगायला हवेत. सतराव्या शतकात इंग्लंडमध्ये निघालेला हा ख्रिस्ती पंथ. त्यांच्या जुन्या वळणाच्या उपासनेत पुरोहित नाही, प्रवचन नाही. मंडळी एकत्र बसतात ती मौनात, आणि ज्याला आतून काही सुचले त्याने उठून बोलावे. युद्धात भाग न घेणे ही त्यांची जुनी शिस्त. वारकऱ्यांच्या फडात वाढलेल्या माणसाला हे मौन अंमळ कोरडे वाटेल, परंतु मध्यस्थावाचून माणसांनी एकत्र बसावे ही कल्पना आपल्याला अपरिचित नाही.

आता दाताची गोष्ट. गुरुजी असते तर ती त्यांनी माझ्यापेक्षा चांगली सांगितली असती.

१९५० च्या दशकात अमेरिका, सोव्हिएत रशिया आणि ब्रिटन या देशांनी खुल्या हवेत अण्वस्त्रांच्या चाचण्या चालविल्या होत्या. अशा स्फोटात जे किरणोत्सारी पदार्थ निर्माण होतात त्यांत स्ट्राँशियम-९० हा एक. मूलद्रव्यांच्या आवर्तसारणीत कॅल्शियमच्या बरोबर खालचे घर स्ट्राँशियमचे. म्हणजे रासायनिक दृष्ट्या दोघे सख्खे भाऊ. शरीराला या भावांतला फरक फारसा कळत नाही. स्फोटाची धूळ वर जाते, वाऱ्याबरोबर हजारो मैल फिरते, पावसाबरोबर गवतावर उतरते. गवत गाय खाते, दुधातून ते मुलाच्या पोटात जाते आणि जेथे कॅल्शियम जायचे तेथे, हाडांत आणि दातांत, जाऊन बसते. त्याचे अर्धे आयुष्य सुमारे २९ वर्षांचे. एवढ्या काळात त्याची किरणोत्सारिता निम्म्यावर येते, संपत नाही.

हे घडते असे शास्त्रज्ञ म्हणत; तितके नाही, चिंतेचे कारण नाही, असे शासनांचे प्रवक्ते म्हणत. जिवंत मुलाचे हाड काढून तपासता येत नाही. मग पुरावा आणायचा कोठून? युक्ती निघाली ती घरोघरी आपोआप पडणाऱ्या वस्तूची. दुधाचा दात गर्भात आणि जन्मानंतरच्या पहिल्या काही महिन्यांत घडतो आणि सहा-सात वर्षांनी पडतो. म्हणजे तो दात त्या मुलाच्या जन्मकाळी दुधात काय होते याचा दिनांकित दस्तऐवजच. आपल्याकडे पडलेला दात कौलांवर फेकण्याची रीत होती. तिकडे तो लखोट्यात घालून प्रयोगशाळेला पाठविण्याची मोहीम सुरू झाली. अमेरिकेत सेंट लुईस या शहरी १९५८ साली हे काम सुरू झाले आणि पुढील बारा वर्षांत तेथे तीन लाखांहून अधिक दात गोळा झाले. आपला दात विज्ञानाला दिला, असे सांगणारा बिल्ला प्रत्येक मुलाला मिळे. १९६३ साली जन्मलेल्या मुलांच्या दातांत १९५० साली जन्मलेल्यांच्या सुमारे ५० पट स्ट्राँशियम आढळले.

कॅनडात हे काम ‘व्हॉइस ऑफ विमेन’ या संघटनेने उचलले. १९६० साली पॅरिस येथील महासत्तांची शिखर परिषद मोडली आणि त्या अस्वस्थतेतून कॅनडातील स्त्रियांनी ही संघटना उभारली. दात गोळा करणाऱ्या या गृहिणी होत्या. नोंदी ठेवणाऱ्या, पत्ते लिहिणाऱ्या, शेजारणींना समजावणाऱ्या. त्या दातांचे शास्त्रीय काम ज्यांनी केले त्यांत फ्रँकलिनबाई एक होत्या. घरी त्यांची स्वतःची दोन मुले त्याच वर्षांत, तेच दूध पिऊन वाढत होती, हे ध्यानात घ्यावे. आई आणि शास्त्रज्ञ अशा दोन भूमिका आळीपाळीने पार पाडणाऱ्या बायका आपण पुष्कळ पाहिल्या आहेत. येथे दोन भूमिका उरल्याच नाहीत. जो प्रश्न स्वयंपाकघरातला तोच प्रयोगशाळेतला.

५ ऑगस्ट १९६३ रोजी मॉस्को येथे अमेरिका, सोव्हिएत रशिया आणि ब्रिटन यांनी हवेत, पाण्याखाली आणि अवकाशात चाचण्या न करण्याच्या करारावर सह्या केल्या. या करारामागे कारणे अनेक होती. क्यूबाच्या पेचप्रसंगाने दोन्ही बाजूंना बसलेला धक्का हे त्यांतले मोठे. तथापि दातांच्या पुराव्याने लोकमत हलले हेही तितकेच खरे. भूगर्भातील चाचण्या पुढे चालूच राहिल्या, तेव्हा हा विजय अर्धाच म्हणायचा. पण त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या दातांतील स्ट्राँशियम उतरत गेले. चळवळींच्या इतिहासात यश इतक्या नेमकेपणाने मोजता येण्याचे प्रसंग थोडे.

१९६७ साली फ्रँकलिनबाई टोराँटो विद्यापीठाच्या धातुशास्त्र विभागात दाखल झाल्या. १९७३ साली प्राध्यापक आणि १९८४ साली ‘युनिव्हर्सिटी प्रोफेसर’ हा त्या विद्यापीठाचा सर्वोच्च मान. तो मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. त्यांचे क्षेत्र होते पुरातन वस्तूंची आधुनिक पदार्थशास्त्राने तपासणी करण्याचे. तांब्याच्या, कांस्याच्या, मातीच्या प्राचीन वस्तू त्यांनी तपासल्या. पण त्यांच्या विचाराला वळण लावले ते चीनमधील शांग राजवटीच्या कांस्यपात्रांनी.

ख्रिस्तपूर्व १२०० च्या सुमाराची ही पात्रे. अन्यांग येथे मिळालेल्या एका चौकोनी पात्राचे वजन ८३० किलोग्रॅमच्या वर आहे. एवढे पात्र एका कारागिराच्या हातून होणे नाही. आधी मातीचा नमुना; त्यावर माती थापून साचा; तो साचा भाग-भाग करून काढायचा, नमुना तासून आतला गाभा करायचा, भाग पुन्हा जुळवायचे आणि मधल्या पोकळीत एकाच वेळी अनेक मुशींतून रस ओतायचा. साचा घडविणारे निराळे, धातू वितळविणारे निराळे, ओतणारे निराळे, आणि कोणी केव्हा काय करायचे हे आधी ठरविणारा आणखी निराळा. पायरी चुकली की सगळे वाया. फ्रँकलिनबाई लिहितात त्याचा आशय असा की ही पात्रे तपासताना धातूच्या जोडीला त्यांना आज्ञा दिसू लागली. यंत्रयुगाच्या तीन हजार वर्षे आधी येथे एक यंत्र होते आणि ते माणसांचे बनलेले होते.

यावरून त्यांनी तंत्रांचे दोन प्रकार पाडले. त्यांना मराठीत मी ‘समग्र तंत्र’ आणि ‘विहित तंत्र’ म्हणेन. समग्र तंत्रात करणारा आरंभापासून शेवटपर्यंत आपल्या कामाचा धनी असतो. चाकावर माती चढविणारा कुंभार मडके घडत असताना निर्णय घेतो, मन बदलतो, ओठ थोडा बाहेर काढतो. विहित तंत्रात काम पायऱ्यांत तोडलेले असते. प्रत्येकाने आपली पायरी करायची आणि निर्णय वरच्याने घ्यायचा. ‘विहित’ हा शब्द मी मुद्दाम योजला. आपल्या परंपरेत विहित कर्म म्हणजे शास्त्राने नेमून दिलेले कर्म; त्यात प्रश्न विचारण्याला जागा कमी. त्या शब्दाची छाया येथे चपखल बसते.

या विभागणीत मला थोडी अतिव्याप्तीही दिसते. कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराचा ‘मानसोल्लास’ हा बाराव्या शतकातील ग्रंथ आम्ही मराठीचे लोक ओवीच्या प्राचीनतेसाठी उद्धृत करतो. त्यातच मेणाचा नमुना करून, तो वितळवून, धातूची मूर्ती ओतण्याची कृती दिलेली आहे. ही कृती पायरीपायरीने लिहिलेली, म्हणजे विहितच. पण मेणावर बोट फिरविणारा मूर्तिकार समग्र राहतो. दोन्ही एका कामात नांदू शकतात. फ्रँकलिनबाईंना हे ठाऊक नव्हते असे नाही. विहित तंत्राने मिळालेले फायदे त्या मोकळेपणाने मान्य करतात. त्यांची तक्रार अशी की आपण उत्पादन मोजतो आणि त्या तंत्राने माणसाला लागलेली सवय मोजत नाही. आयुष्यभर सांगितले तेवढेच करण्याची सवय लागलेला समाज कारखान्याबाहेरही सांगितले तेवढेच करतो. विहित तंत्र म्हणजे आज्ञाधारकपणाची शाळा. हे वाक्य ऐकताना बर्लिनमधील ती मुलगी आठवल्याखेरीज राहत नाही. छळछावणीची यादी करणारा, आगगाडीचे वेळापत्रक आखणारा, कुलूप लावणारा, प्रत्येकाने आपापली पायरी चोख केली होती.

हे सारे त्यांनी १९८९ साली कॅनडाच्या नभोवाणीवरील प्रतिष्ठेच्या मॅसी व्याख्यानांत मांडले आणि ‘द रिअल वर्ल्ड ऑफ टेक्नॉलॉजी’ या नावाने पुढे त्याचे पुस्तक झाले. त्यातील शिलाईयंत्राचे उदाहरण ज्या घरांत असे यंत्र होते त्या सर्वांना पटेल. यंत्र घरात आले तेव्हा बायकांचे कष्ट वाचतील, त्या आपल्या आवडीचे कपडे शिवतील, असे सांगण्यात आले. घडले असे की शिवण घरातून निघून कारखान्यात गेली आणि तेथे बायकाच बाह्या जोडू लागल्या, दिवसभर नुसत्या बाह्या. यंत्र तेच; कामाची मांडणी बदलली.

शिक्षकबंधूंसाठी त्यांचा आणखी एक मुद्दा सांगतो. वाढ ही हुकमाने होत नाही. तिला अनुकूल स्थिती देता येते, इतकेच. उत्पादन हुकमाने होते. आपण मुलांना वाढीच्या रीतीने वागवितो की उत्पादनाच्या, हे वेळापत्रकाकडे आणि परीक्षेच्या तक्त्यांकडे पाहून आपले आपणच ठरवावे.

शांततेची त्यांची व्याख्या या पार्श्वभूमीवर पाहावी. युद्ध नसणे म्हणजे शांतता, असे त्या मानीत नसत. शांतता म्हणजे भय नसणे, आणि न्याय असणे. उद्या काम राहील का, मुलाला उपचार मिळतील का, दारावर थाप पडेल का, या भयात जगणाऱ्याला सीमेवर तोफा शांत असल्याने काय मिळाले? शिवाय अशी शांतता एकट्याला मिळवून ठेवता येत नाही. बागेतली फळे माझी मी वाटून देऊ शकतो. स्वच्छ हवा वाटून देता येत नाही, ती सर्वांना मिळते किंवा कोणालाच नाही. निर्भयतेची जात हवेची.

मग व्यवहारात करायचे काय? येथे त्या घराकडे वळतात. ज्या भोजनाला प्रत्येक जण आपापला पदार्थ घेऊन येतो आणि सगळे मिळून जेवतात, त्याची उपमा त्यांना प्रिय होती. इंग्रजीत ती समजावून द्यावी लागते. आपल्याकडे ‘अंगतपंगत’ हा एक शब्द पुरतो. कोणी भाकरी आणतो, कोणी लोणचे. यजमान कोणी नाही, उपकार कोणाचे नाहीत, आणि ज्याला आणायला जमले नाही तोही उपाशी उठत नाही. कुटुंबात हे सहज घडते म्हणून आपण त्याला राज्यव्यवहाराचा दर्जा देत नाही. फ्रँकलिनबाई तो देतात. समाज ज्या कौशल्यांवर टिकतो ती, जुळवून घेणे, सांभाळणे, उरलेले पुरवून वापरणे, बहुतांशी बायकांच्या घरकामात घडली, असे त्यांचे म्हणणे. १९७७ साली कॅनडाच्या विज्ञान परिषदेसाठी त्यांच्या नेतृत्वाखाली साधनसंपत्तीच्या काटकसरीवर जो अहवाल झाला, त्यात ही घरगुती शहाणीव राष्ट्रीय धोरणाच्या भाषेत आलेली दिसते.

कराचा प्रश्न त्यांनी ज्या रीतीने मांडला तो त्यांच्या विचारपद्धतीचा उत्तम नमुना आहे. पूर्वी राजाला युद्धासाठी शरीरे लागत; म्हणून ज्याचा विवेक युद्धाला नकार देई त्याला सैन्यातून सूट देण्याची प्रथा काही देशांत रुजली. आता युद्ध यंत्रे करतात. राज्याला माझे शरीर नको आहे, माझा पैसा हवा आहे. मग विवेकाची सूट पैशालाही का नसावी? १९८० च्या दशकात कॅनडात काही नागरिकांनी, करातील लष्करी वाटा शांततेच्या कामाकडे वळविण्याचा हक्क मिळावा, असा लढा दिला आणि फ्रँकलिनबाईंनी त्याच्या समर्थनार्थ निबंध लिहिला. तेथील सर्वोच्च न्यायालयाने ते अपील ऐकून घेण्यासच नकार दिला. व्यवहाराच्या दृष्टीने न्यायालयाचे बरोबर असेल. प्रत्येकाने आपल्या विवेकानुसार कर वजा करायचे ठरविले तर खजिना चालणार कसा? परंतु युद्धाच्या यंत्रात करदाता हीच आता शिपायाची जागा आहे, हे निरीक्षण कोणत्याही निकालाने खोटे ठरत नाही.

त्याआधी १९६९ साली त्यांनी संसदेच्या समितीपुढे जाऊन, रासायनिक आणि जैविक शस्त्रांच्या संशोधनातून कॅनडाने अंग काढून घ्यावे आणि तो पैसा पर्यावरण व प्रतिबंधक वैद्यक यांकडे द्यावा, असे निवेदन केले होते.

हे वाचीत असताना मला वारंवार आपल्या गोव्याच्या मातीतील एक नाव आठवत होते. कोसबे येथे १९०७ साली जन्मलेले दामोदर धर्मानंद कोसंबी. तेही मूळचे गणिती. तक्षशिलेची आहत नाणी एकेक करून तोलून, हातोहाती फिरताना त्यांची किती झीज झाली यावरून त्यांनी इतिहासाचा कालक्रम लावण्याचा यत्न केला. वस्तूलाच साक्षीदार करण्याची ही रीत फ्रँकलिनबाईंच्या जातकुळीची. तेही जागतिक शांतता चळवळीत होते. अणुऊर्जेवरील खर्चाला त्यांचा विरोध होता आणि भारतासारख्या देशाने सूर्याच्या उष्णतेकडे वळावे, असे ते १९६० च्या आधीपासून सांगत. दोघांच्या राजकीय श्रद्धा निराळ्या, एक मार्क्सवादी, एक क्वेकर, स्वभावही निराळे. कोसंबींच्या लेखणीला जी धार होती तिने पुष्कळांना जखमा केल्या. फ्रँकलिनबाईंचे बोलणे संथ, विनोदाची झाक असलेले. समाज बदलतो कसा, याविषयी त्या गांडुळाचा दाखला देत. वरून पीक दिसते. खाली गांडुळांनी माती आधी भुसभुशीत केलेली असते.

त्यांना मानसन्मान भरपूर मिळाले. १९९२ साली ‘ऑर्डर ऑफ कॅनडा’ या सन्मानाची सर्वोच्च श्रेणी, २००१ साली पिअर्सन शांतता पदक. ती यादी मी लांबवीत नाही. मला अधिक सांगावेसे वाटते ते पदकाच्या त्याच सुमाराचे आणखी एक प्रकरण.

टोराँटो विद्यापीठातून निवृत्त झालेल्या स्त्री प्राध्यापकांना सेवाकाळात पुरुष सहकाऱ्यांपेक्षा कमी वेतन मिळाले होते. वेतन कमी, म्हणून त्यावर आकारलेले निवृत्तिवेतनही कमी. म्हणजे नोकरी संपली तरी अन्याय दरमहा घरी येत राहिला. वयाच्या ऐंशीच्या घरात असताना फ्रँकलिनबाई आणि त्यांच्या तीन निवृत्त सहकारिणींनी सर्वांच्या वतीने विद्यापीठावर दावा लावला. आपल्याला सर्वोच्च मान देणाऱ्या संस्थेविरुद्ध न्यायालयात जाणे हे शांततावाद्याला शोभते काय, असे कोणी विचारील. त्यांच्या व्याख्येत शांतता म्हणजे न्यायाची उपस्थिती, तेव्हा त्यांना यात विसंगती वाटण्याचे कारण नव्हते. २००२ साली तडजोड झाली. विद्यापीठाने पूर्वीचा भेदभाव मान्य केला आणि सुमारे साठ निवृत्त स्त्रियांचे निवृत्तिवेतन वाढवून मिळाले. त्याच विद्यापीठातील मॅसी कॉलेजच्या त्या ज्येष्ठ फेलो होत्या. भांडण झाले म्हणून नाते तुटले, असे झाले नाही.

२२ जुलै २०१६ रोजी टोराँटो येथे, वयाच्या ९४ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्या शहरात १९९५ साली त्यांच्या नावाने एक सार्वजनिक माध्यमिक शाळा सुरू झालेली आहे. साहित्य, विज्ञान आणि तंत्र ही तिन्ही तेथे एकाच मुलाला शिकवितात.